मुलीला १४ वर्षं पूर्ण झाली? तीस दिवसांत नोंदणी करा, निकालाची वाट पाहू नका

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीत एडिसनला राहतो. मी एच-१बी (नोकरीच्या) व्हिसावर, बायको आणि मुलगी एच-४ (कुटुंबीयांच्या) व्हिसावर. धाकट्याचा जन्म इथलाच. मुलीला गेल्या आठवड्यात १४ पूर्ण झाली. ट्रम्प यांच्या आदेशामुळे तिची नोंदणी करावी लागते, असं एक मित्र सांगतो. दुसरा म्हणतो, प्रकरण कोर्टात आहे, थांबा. सासूबाई सहा महिन्यांसाठी आल्या आहेत. त्यांनी बाहेर पडताना पासपोर्ट जवळ ठेवायचा का?

उत्तर : थांबू नका. थांबायचा सल्ला एका गैरसमजातून आलेला आहे.

२० जानेवारी २०२५ चा आदेश क्रमांक १४१५९ नवा कायदा करत नाही. परकीय नागरिकांच्या नोंदणीची सक्ती अमेरिकेत १९४० पासून आहे. बरीच दशकं तिची अंमलबजावणी जवळपास होत नव्हती, एवढंच. ती करा, असं आदेशाने गृहसुरक्षा खात्याला सांगितलं. खात्याने नोंदणीचा फॉर्म आणि पद्धत ठरवणारा नियम काढला, तो ११ एप्रिल २०२५ ला लागू झाला. त्याला वॉशिंग्टनच्या फेडरल कोर्टात आव्हान दिलं गेलं. लोकांच्या हरकती न मागवता नियम काढला, हा मुख्य आक्षेप. न्यायाधीश ट्रेव्हर मॅकफॅडन यांनी १० एप्रिलला स्थगिती नाकारली. दावा करणाऱ्या संस्थांचं स्वतःचं नुकसान दिसत नाही, म्हणून त्यांना दाव्याचा अधिकारच सिद्ध होत नाही, असं ते म्हणाले. नियम वैध की अवैध, हे त्यात ठरलेलं नाही. पण उद्या नियम रद्द झाला तरी जाईल तो फॉर्म आणि त्याची पद्धत. वयाच्या चौदाव्या वाढदिवसानंतर ३० दिवसांत नोंदणी करा, हे वाक्य मूळ कायद्यातच आहे आणि ते तिथेच राहील.

तुम्हा दोघांची नोंदणी झालेलीच आहे, कारण आय-९४, म्हणजे देशातल्या प्रवेशाची आणि मुक्कामाच्या मुदतीची नोंद, हाच नोंदणीचा पुरावा धरला जातो. मुलीकडेही आय-९४ आहे, पण १४ पूर्ण झाल्यावर नोंदणी पुन्हा करावी लागते. धाकटा नागरिक आहे, त्याचा प्रश्नच नाही.

यूएससीआयएसच्या (इमिग्रेशन विभागाच्या) साइटवर मुलीच्या नावाने, वेगळ्या ईमेलने स्वतंत्र खातं उघडा. इथेच बहुतेक जण चुकतात. आई किंवा वडील आपल्याच खात्यातून फॉर्म भरायला बसतात. जी-३२५आर हा फॉर्म ऑनलाइनच भरायचा, नियम आला तेव्हा त्याला शुल्क नव्हतं. मागच्या पत्त्यांच्या तारखा आधीच काढून ठेवा आणि नाव पासपोर्टवर आहे तस्संच लिहा. मग बोटांच्या ठशांची तारीख येईल. ती चुकवू नका, कारण ठशांशिवाय नोंदणी पूर्ण होत नाही. त्यानंतर खात्यात नोंदणीचा पुरावा पीडीएफ म्हणून येतो. त्याची प्रिंट काढून ठेवा.

तीस दिवस उलटून गेले तरीही फॉर्म भराच. जाणूनबुजून नोंदणी न करणं हा गुन्हा आहे: ५,००० डॉलरपर्यंत दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही. 'जाणूनबुजून' हा शब्द महत्त्वाचा आहे, आणि उशिरा का होईना, स्वतःहून केलेली नोंदणी तुमच्या बाजूने बोलते. मुलीला शाळेत कागद न्यायची गरज नाही. पुरावा सतत जवळ बाळगण्याची सक्ती १८ वर्षांपासून पुढे आहे.

ती सक्ती तुम्हा दोघांना आणि सासूबाईंना मात्र आहे. सासूबाईंचं आय-९४ सीबीपीच्या (विमानतळावर तपासणी करणाऱ्या सीमा विभागाच्या) साइटवरून काढून पर्समध्ये ठेवा, सोबत पासपोर्टच्या फोटोच्या पानाची झेरॉक्स. मूळ पासपोर्ट रोज बाजारात न्यावा असं मला वाटत नाही, हरवला तर त्याचा ताप वेगळा. त्यांचा व्हिसा दहा वर्षांचा असला तरी मुक्कामाची मुदत आय-९४ वरचीच. ती तारीख आजच बघा.

तुमचं थोडं निराळं आहे. देशाबाहेर न जाता मुदतवाढ घेतली असेल, तर सीबीपीच्या साइटवर जुनीच तारीख दिसत राहते. नवं आय-९४ हे आय-७९७ए मंजुरीपत्राच्या खालच्या भागात असतं. तोच भाग जवळ हवा. साइटवरची प्रिंट दाखवलीत, तर मुदत संपलेली माणसं म्हणून दिसाल.

'दोन वर्षांचा मुक्काम सिद्ध न झाल्यास सुनावणीशिवाय हद्दपारी' ही बातमीही याच आदेशातून निघालेली आहे. अशी हद्दपारी विमानतळावर तपासणी होऊन, व्हिसावर रीतसर प्रवेश मिळालेल्यांना लागू नाही. अशा हद्दपारीची व्याप्ती वाढवण्यालाही न्यायाधीश जिया कॉब यांनी २९ ऑगस्ट २०२५ ला रोखलं होतं.

एक गोष्ट तुम्ही विचारली नाहीत, पण आपल्या लोकांकडून हमखास राहते ती हीच. घर बदललं की दहा दिवसांत एआर-११ हा पत्ताबदलाचा फॉर्म भरायचा, घरातल्या प्रत्येक परकीय नागरिकाचा वेगळा. पोस्टात पत्ता बदलून हे होत नाही. आणि इथे दंडाबरोबर हद्दपारीची तरतूदही आहे. गेल्या वर्षभरात अपार्टमेंट बदललं असेल आणि हे राहिलं असेल, तर मुलीच्या फॉर्मवर नवा पत्ता जाण्याआधी तिघांचाही एआर-११ भरून टाका.