'सवलत दहावीलाच मिळेल' असं शाळा म्हणते, ते खरं आहे का?

प्रश्न : माझा मुलगा अनुदानित मराठी शाळेत नववीत आहे. तिसरीत असताना सरकारी रुग्णालयाने त्याला डिस्लेक्सियाचा (वाचन-लेखनातल्या अडचणीचा) दाखला दिला. तोंडी विचारलं तर इतिहास घडाघडा सांगतो, पेपर मात्र निम्मा कोरा राहतो. घटक चाचणीला जादा वेळ मागितला तर मुख्याध्यापक म्हणाले, "सवलत बोर्डालाच असते. एकाला दिली की बाकीचे पालक भांडायला येतील." काय करू?
– एक आई, नाशिक जिल्हा

उत्तर : ताई, पत्रासोबतचं वहीचं पान मी पुन्हा पुन्हा पाहिलं. 'धरण'चं 'घरण' झालंय, 'भरती'चं 'मरती', आणि खाली लाल शाईत शेरा : 'निष्काळजीपणा'. पोरगं जीव तोडून लिहितंय आणि त्याला हा शेरा मिळतोय, याचं फार वाईट वाटलं.

मुख्याध्यापकांचं म्हणणं कायद्याला धरून नाही. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या अनुसूचीत विशिष्ट अध्ययन अक्षमता आहे आणि तिच्यात डिस्लेक्सियाचं नाव स्पष्ट लिहिलंय. कलम १७ मध्ये जादा वेळ, लेखनिक (सांगितलेलं उत्तर लिहून देणारी व्यक्ती), दुसऱ्या-तिसऱ्या भाषेतून सूट या गोष्टी आहेत. ते कलम 'परीक्षा पद्धती'बद्दल बोलतं, फक्त बोर्डाबद्दल नाही. कलम १६ तर वर्गातल्या शिकवण्यालाही लागू होतं. राहिले बाकीचे पालक. कलम २ मधल्या व्याख्येनुसार गरजेची वाजवी सोय नाकारणं हाच भेदभाव ठरतो. ती दिल्याने दुसऱ्या कुणावर अन्याय होत नाही.

पण थांबू नका. अवनी प्रकाश या विद्यार्थिनीला डिसग्राफिया, म्हणजे लिहिण्यातली अक्षमता, होती. वैद्यकीय प्रवेशाच्या 'नीट' परीक्षेत तिला हक्काचा जादा तास मिळाला नाही. नोव्हेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिच्यावर अन्याय झाल्याचं मान्य केलं, तरीही फेरपरीक्षेचा आदेश दिला नाही. गेलेला पेपर परत आणणं न्यायालयालाही अवघड जातं, म्हणून जे काही करायचं ते परीक्षेआधी.

आजवर तुम्ही सगळं तोंडी बोललात. आता मुख्याध्यापकांच्या नावे लेखी अर्ज द्या. त्यात कलम १६ आणि १७ चा उल्लेख करा, दाखल्याची प्रत जोडा, हे वहीचं पानही जोडा. मागणी नेमकी लिहा : तासाला २० मिनिटं जादा, प्रश्न वाचून दाखवणारी व्यक्ती, शुद्धलेखनाचे गुण न कापणं. दुसऱ्या प्रतीवर शाळेचा शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय कार्यालयातून उठू नका. शिपाई "साहेब नाहीत" म्हणाला तर अर्ज स्पीड पोस्टाने पाठवा.

दाखल्याचं आधी बघा. केंद्राच्या मार्गदर्शक सूचनांनुसार या अक्षमतेची फेरतपासणी १४ व्या आणि १८ व्या वर्षी होते. तिसरीतला दाखला दहावीला अडू शकतो. रुग्णालयात नंबर लागायला वेळ जातो, तेव्हा याच आठवड्यात चौकशी करा. बोर्डाचा प्रस्ताव शाळेमार्फतच विभागीय मंडळाकडे जातो. त्या वेळी हातात ताजा दाखला हवा.

लेखनिक घ्यायचा ठरवलंत तर सराव नववीतच सुरू करा. उत्तर मनात जुळवून दुसऱ्याला सांगत जाणं सोपं नसतं. ऐन बोर्डात पहिल्यांदा लेखनिक मिळालेली मुलं गांगरून जातात. भाषेतून सूट घेण्याची मात्र घाई नको. पुढे ज्या अभ्यासक्रमाला जायचं, तिथे ती भाषा लागते का ते आधी विचारा.

शाळेने नकार दिला किंवा पंधरा दिवसांत उत्तरच दिलं नाही, तर शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांना लिहा आणि त्याची प्रत पुण्याच्या दिव्यांग कल्याण आयुक्तांना पाठवा. आयुक्तांना चौकशीत दिवाणी न्यायालयाचे अधिकार असतात. या कायद्याच्या पहिल्या भंगाला दहा हजारांपर्यंत दंड आहे, पुढच्या वेळी पन्नास हजारांपासून पाच लाखांपर्यंत. दंडाची ही कलमं पहिल्याच अर्जात घालू नका. मुलाला दहावीपर्यंत त्याच शाळेत बसायचंय, आणि बऱ्याच शाळा पोच दिल्यावर आपणहून मार्ग काढतात.