गाडी पोलीस ठाण्यात उभी आहे म्हणजे ती पोलिसांनीच धरलीय असं नसतं

दादा, तुमचं सगळं नीट वाचलं. शीळफाट्यावर डंपर पकडला, आत 4 ब्रास क्रश सँड (क्रशरमधे दगड फोडून केलेली वाळू), माल घणसोलीच्या साइटवर चालला होता, माल वाहतुकीचा सरकारी पास होता पण ट्रॅफिकमधे अडकून त्याची वेळ संपून 35 मिनिटं झाली होती, आणि आता 11 दिवस गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात उभी आहे, आणि 2 लाख दंड सांगितलाय. दंड भरू की कोर्टात जाऊ हा तुमचा प्रश्न. मी खारेगावचा, माझ्या दोन गाड्या आहेत, 2019 ला माझीही एक अशीच 5 महिने अडकली होती, म्हणून एवढं लांब लिहितोय.

वकील, दंड, कोर्ट सगळं बाजूला ठेवा आणि आधी गाडी नक्की कुणी जप्त केली ते बघा. महसूलवाले गाडी पकडतात पण त्यांच्याकडे उभी करायला जागा नसते, मग ती सुरक्षेसाठी पोलीस ठाण्यात लावतात, आणि आपण रोज ठाण्यात चकरा मारत बसतो. पंचनामा तलाठी किंवा मंडळ अधिकाऱ्याने केला असेल आणि एफआयआर नसेल तर पोलिसांच्या हातात काहीच नाही. तुमचा मार्ग मग प्रांत म्हणजे उपविभागीय अधिकारी, त्यांच्या कार्यालयातून. जमीन महसूल संहिता 1966, कलम 48 पोटकलम 8 वाचा, जप्त केलेली गाडी 48 तासांच्या आत कलेक्टर किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, डेप्युटी कलेक्टरपेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यासमोर हजर करायची असते, आणि गाडी सोडायचा अधिकारही त्यांचाच, तहसीलदारांचा नाही. तहसीलदार मालावरचा दंड लावू शकतात, ते पोटकलम 7. हे दोन वेगळे दंड आहेत, एकाच कागदावर बेरीज करून दिले असतील तर कुठला आकडा कशाचा ते लेखी मागा. मालाचा दंड बाजारभावाच्या 5 पटीपर्यंत, गाडीचा वेगळा, 2018 च्या दुरुस्तीप्रमाणे ट्रॅक्टरला 1 लाख, डंपरला 2 लाख. तुम्हाला सांगितलेले 2 लाख बहुतेक तेच.

48 तासांत गाडी प्रांतांसमोर गेली नसेल तर मुद्दा लेखी अर्जात नक्की घ्या, पण तेवढ्यावर गाडी आपोआप सुटेल अशा आशेवर राहू नका.

आता पंचनामा. त्याची प्रत हातात येईपर्यंत एकही रुपया भरू नका. माझ्या वेळी लिहिलं होतं "अंदाजे 5 ब्रास". 1 ब्रास म्हणजे 100 घनफूट, आणि माझ्या गाडीची बॉडी मोजली तर 14 फूट लांब, 7 रुंद, माल 4 फूट उंच, म्हणजे 392 घनफूट, पुरते 4 ब्रासही नाहीत! ज्या आकड्याची पुढे 5 पट होणार तो अंदाजे कसा चालेल? तुमच्या पंचनाम्यात टेप लावून मोजल्याचं लिहिलंय का बघा, आणि माल "रेती" लिहिलाय की "क्रश सँड" तेही बघा. खाडीची रेती आणि क्रशरचा माल यात जमीन अस्मानाचा फरक आहे, ओली खाडीची रेती हातात घेतली की शिंपल्याचा चुरा दिसतो, क्रश सँडचे दाणे टोकदार, बोटाला टोचतात. रेती लिहिलं असेल तर नमुना तपासायची मागणी करा.

पासच्या वेळेचं म्हणाल तर तुमची बाजू मला खरी वाटते, शीळफाटा ते महापे संध्याकाळी काय होतं ते आपल्याला सगळ्यांना माहितीये. पण नुसतं ट्रॅफिक होतं म्हणून कोणी ऐकत नाही. क्रशरची काटा (वजनाची) पावती, गाडीच्या जीपीएसचा रिपोर्ट, वाटेत टोल असेल तर फास्टॅगची नोंद, आणि महाखनिज या सरकारच्या ऑनलाइन पास सिस्टिमवरून त्या पासची प्रिंट, हे चारही एकत्र लावा. वेळा जुळल्या तर गाडी एकाच फेरीत होती, त्याच पासवर दुसरी खेप मारली नाही हे दिसतं. खरा संशय त्यांना तोच असतो.

चोरीचा एफआयआर झाला असेल तर मात्र गाडी मुद्देमाल, मग त्या पोलीस ठाण्याच्या हद्दीच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 आणि 503 खाली ताब्यासाठी अर्ज. वकिलाला सुंदरभाई अंबालाल देसाई, 2002 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल लावायला सांगा, जप्त गाड्या ठाण्यात सडवत ठेवू नका असं त्यात स्पष्ट आहे. पण कोर्टाने गाडी दिली म्हणून महसूलचा दंड माफ होत नाही, आणि दंड भरला म्हणून चोरीची केसही आपोआप संपत नाही. ओव्हरलोड असाल तर आरटीओचे 20000 आणि वरच्या प्रत्येक टनामागे 2000 तेही वेगळेच.

एक चूक मी केली ती तुम्ही करू नका. समोर ठेवलेल्या टाइप केलेल्या जबाबावर माझ्या ड्रायव्हरने न वाचता सही केली, त्यात "विनापरवाना वाहतूक मान्य आहे" असं होतं, आणि अपिलात तेच माझ्या समोर ठेवलं गेलं. तोपर्यंत पावसाळा निघून गेला होता, बॅटरी गायब, दोन टायर फुगून गेलेले, कर्जाचे हप्ते मात्र चालूच.

हप्त्यामुळे गाडी लगेच हवी असेल तर भरा, पण सोबत "हक्क राखून, आदेश मान्य नसताना भरत आहे" असा अर्ज देऊन पोच घ्या. आदेश प्रांतांचा असेल तर 60 दिवसांत कलम 247 खाली कलेक्टरकडे अपील, त्याच्या वर कोकण भवन, बेलापूरला विभागीय आयुक्त. थेट हायकोर्टात गेलात तर बहुतेक वेळा आधी अपील करा म्हणूनच परत पाठवतात. आणि पुढे कधी गाडी कळंबोली, खारघरला पकडली तर पोलीस नवी मुंबईचे असले तरी महसूल रायगडचा, ठाणे जिल्ह्याच्या ऑफिसात अर्ज देऊन दिवस घालवू नका.

पास खोटा असता किंवा खाडीतली रेती असती तर मी यातलं काहीच सांगितलं नसतं, आमच्या डोळ्यादेखत मुंब्र्याकडची खाडी खचलीय. तुमचं तसं नाही म्हणून लिहिलं. उद्या सकाळी आधी गाडीचे चारी बाजूंनी फोटो काढा, टायर, बॅटरी, डिझेलचा काटा आणि किलोमीटर, मग पंचनाम्याच्या प्रतीचा अर्ज द्या. प्रत मिळाली की नावं झाकून इथे टाका, मोजमाप मी बघून देतो.