खोटा दावा पुरावा न घेता, सुरुवातीलाच फेटाळला जाऊ शकतो का?

आपण विचारले आहे की, अकरा-बारा वर्षांपूर्वी नोंदणीकृत खरेदीखताने घेतलेल्या जमिनीबद्दल विक्रेत्याने आता दावा लावला असेल, तर साक्षीपुरावे होईपर्यंत थांबावे लागते की त्याआधीच दावा निकाली निघू शकतो. निघू शकतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ११ खाली न्यायालय वादपत्र (वादीने दावा मांडलेला लेखी अर्ज) नामंजूर करू शकते, आणि आमच्या बाबतीत ते झालेही आहे. मात्र त्यासाठी प्रतिवादीने द्यायचा अर्ज बहुतेक लोक चुकीच्या समजुतीने देतात, म्हणून सविस्तर लिहिते.

माझ्या यजमानांनी २००८ साली शेजारच्या शेतकऱ्याकडून दीड एकर बागायत जमीन खरेदी केली. २०१६ साली ते गेले आणि २०१९ मध्ये त्या विक्रेत्याने मला व मुलांना प्रतिवादी करून दावा दाखल केला. म्हणणे असे की, तो व्यवहार खरेदीचा नसून उसनवारीच्या तारणाचा होता, किमतीतील निम्मी रक्कम कधी मिळालीच नाही, सबब खरेदीखत रद्द करावे आणि आम्हाला कायमची मनाई करावी. समन्स घरी आले त्याच संध्याकाळी माझे थोरले दीर आले आणि ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ हे ऐकवून, चार लाख देऊन प्रकरण मिटवण्याचा सल्ला देऊन गेले. पायरी आम्ही चढलो नव्हतो, आम्हाला ओढून नेले होते. हा फरक भावोजींना तेव्हाही पटला नाही आणि अजूनही पटलेला नाही.

मी वकिलांकडून वादपत्राची प्रत मागून घेतली आणि ती स्वतः वाचली. शेवटच्या भागात, जिथे दाव्यास कारण केव्हा घडले ते लिहितात, तिथे २०१९ साल दिले होते: आम्ही बांधावर कुंपण घालू लागलो तेव्हा. परंतु मधल्या एका परिच्छेदात, आपण किती जागरूक आहोत हे दाखवण्याच्या भरात, वादीने लिहून ठेवले होते की २०१२ मध्ये तलाठ्याकडून सातबारा उतारा काढला असता त्यावर यजमानांचे नाव मालक म्हणून दिसले, खरेदीखताची नक्कल मिळवली आणि ‘फसवणूक झाली’ अशी तहसीलदारांकडे तक्रार केली. त्या तक्रारीची प्रतही त्याने दाव्याच्या कागदांत स्वतःच जोडली होती. दस्तऐवज रद्द करून मागण्याची मुदत, मुदत कायद्याच्या अनुच्छेद ५९ प्रमाणे, ज्या वस्तुस्थितीमुळे तो हक्क निर्माण होतो ती प्रथम कळल्यापासून तीन वर्षे असते. म्हणजे दावा २०१५ मध्येच मुदतबाह्य झाला होता, आणि हे सांगायला आम्हाला एकही कागद दाखवण्याची गरज नव्हती.

या अर्जाचा सगळा प्राण इथेच आहे. न्यायालय फक्त वादपत्र आणि वादीने त्यासोबत आधारासाठी दिलेले कागद पाहते. त्यातील प्रत्येक विधान खरे धरून चालते, आणि तरीही दावा कायद्याने उभा राहत नसेल तरच वादपत्र नामंजूर करते. तुमची कैफियत (दाव्याला दिलेले लेखी उत्तर), तुमचे पुरावे, तुमची सचोटी यांचा त्या टप्प्यावर काहीही उपयोग नाही. सर्वोच्च न्यायालयाने सलीमभाई विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात हे स्पष्ट केले आहे. भावोजींचा आग्रह मात्र असा होता की, यजमानांचे बँकेचे पासबुक, वीजबिले आणि शेतसाऱ्याच्या पावत्या अर्जाला जोडाव्यात, म्हणजे न्यायाधीशांना ‘कळेल तरी’. आमच्या वकिलांनी ते सगळे बाजूला काढून अडीच पानांचा अर्ज दिला, तेव्हा भावोजी महिनाभर बोलत नव्हते. ‘दावा खोटा आहे’ हे या अर्जाचे कारणच नाही. खोटा दावा खोटा ठरवण्यासाठी उलटतपास लागतो. इथे दावा खरा मानूनही तो चालू शकत नाही, एवढेच दाखवायचे असते.

युक्तिवादात विरुद्ध बाजूने दोन मुद्दे मांडले. पहिला, किंमत पूर्ण मिळाली नसल्याने खरेदीखत निरर्थक आहे. त्याला उत्तर म्हणून आमच्या वकिलांनी जुलै २०२० चा दाहिबेन विरुद्ध अरविंदभाई कल्याणजी भानुसाली हा निकाल दिला. सुरतकडच्या त्या प्रकरणात २००९ च्या खरेदीखताविरुद्ध डिसेंबर २०१४ मध्ये दावा आला होता आणि १,७४,०२,००० रुपयांपैकी फक्त ४०,००० मिळाले असे वादींचे म्हणणे होते. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, ते खरे धरले तरी बाकी रकमेच्या वसुलीचा मार्ग असतो, नोंदणीकृत खरेदीखत त्या कारणाने रद्द होत नाही. आणि मुदतीच्या मुद्द्यावरही वादपत्र नामंजूर होणे कायम केले. दुसरा मुद्दा असा की, मनाईची मागणी तरी मुदतीत आहे आणि वादपत्र अर्धेमुर्धे नामंजूर करता येत नाही. यातील दुसरे विधान बरोबरच आहे. पण मनाईची मागणी खरेदीखत रद्द होण्यावरच उभी होती, म्हणून मूळ मागणीबरोबर तीही गेली. २०२१ मध्ये वादपत्र नामंजूर झाले. चार लाख वाचले, हे मी भावोजींना एकदाच सांगितले.

नियम ११ मधील बाकीची कारणे थोडक्यात. वादपत्रातून दाव्यास कारणच दिसत नसेल, तर वादपत्र नामंजूर होते. १९७७ च्या अरिवंदंदम निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी कनिष्ठ न्यायालयांना बजावले होते की, चतुर शब्दरचनेने उभा केलेला दाव्याच्या कारणाचा आभास सुरुवातीलाच मोडून काढावा. मूल्यांकन कमी किंवा कोर्ट फी अपुरी, या कारणांवर फार आशा ठेवू नका, कारण न्यायालय वादीला दुरुस्तीची मुदत देते आणि तो पैसे भरून मोकळा होतो. कायद्याने मनाई असलेल्या दाव्यांत मुदतीशिवाय, शासनाविरुद्ध त्याच संहितेच्या कलम ८० ची नोटीस न देता आणलेला दावाही येतो. मागच्या दाव्यात हरलेला तोच माणूस पुन्हा आला असेल, तर हा अर्ज सहसा चालत नाही, कारण त्यासाठी मागच्या दाव्याची कागदपत्रे तपासावी लागतात. २०२१ च्या श्रीहरी हनुमानदास तोटला निकालात ते सांगितले आहे. तो मुद्दा प्राथमिक वादप्रश्न, म्हणजे आधी निकाली काढायचा वादाचा मुद्दा, म्हणून काढून घ्यावा लागतो.

आता आधी सांगायला हव्या होत्या त्या गोष्टी. वादपत्र नामंजूर होणे हा हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा औपचारिक निकाल, मानला जातो, त्यामुळे त्यावर अपील होते. आमच्याविरुद्धचे अपील जिल्हा न्यायालयात अजून प्रलंबित आहे. नियम १३ प्रमाणे त्याच कारणावर वादी नवा दावाही आणू शकतो, पण उलटून गेलेली मुदत त्याला परत मिळत नाही. अर्ज दिला म्हणून कैफियत लांबवू नका. तीस दिवसांत, फार तर नव्वद दिवसांत ती द्यायची असते आणि हा अर्ज त्यासाठी पळवाट होऊ शकत नाही. वादीने ‘मला गेल्या वर्षीच कळले’ असे लिहिले असेल आणि वादपत्रात त्याविरुद्ध काही नसेल, तर मुदतीचा प्रश्न पुराव्यावर जातो आणि अर्ज फेटाळला जातो. अशा वेळी अर्जात वर्ष घालवण्यापेक्षा सरळ कैफियत देऊन वादप्रश्न काढून घेतलेले बरे.

आपल्यावरचा दावा नेमका कशाचा, हे आपण लिहिलेले नाही. विक्रेत्यासोबत त्याच्या बहिणीही वादी असतील आणि त्या वडिलोपार्जित मिळकतीत हिस्सा मागत असतील, तर वरील बहुतेक मजकूर आपल्याला लागू नाही. त्यांची खरेदीखतावर सही नसेल, तर मुदतीचा हिशोब वेगळ्या अनुच्छेदाने होतो, आणि तो दावा पहिल्या टप्प्यावर निघण्याची शक्यता मला तरी दिसत नाही.