जुलाब लागले, गोळी 'उष्ण पडली' म्हणून अँटिबायोटिक बंद करावं का?

तुमचा प्रश्न असा: निपाणीत दाढेच्या सुजेसाठी '६२५'ची गोळी आणि मेट्रोनिडाझोल सुरू झालं, तिसऱ्या दिवशी तोंड कडू आणि जुलाब. घरचे म्हणतात उष्ण पडली, बंद कर.

उष्णतेचा इथे संबंध नाही. ६२५ म्हणजे ५०० मिलिग्रॅम अमॉक्सिसिलिन आणि १२५ मिलिग्रॅम क्लॅव्हुलॅनिक अ‍ॅसिड. पोट बिघडतं ते बरेचदा या दुसऱ्या घटकामुळे. शिवाय औषध दाढेतल्या जंतूंबरोबर आतड्यातले उपयोगी जंतूही मारतं. म्हणून ती गोळी जेवायला बसल्यावर पहिल्या घासांबरोबर घ्या. लोखंड चाटल्यासारखी चव मेट्रोनिडाझोलची, लघवीही गडद होते. त्याला घाबरू नका. मात्र ते संपल्यावरही ३ दिवस दारू वर्ज्य.

दिवसातून दोन-तीनदा पातळ होत असेल तर कोर्स मनाने तोडू नका, डॉक्टरांना फोन करा. ओआरएसचं मोठं पाकीट पूर्ण १ लिटर पाण्यातच कालवा. अंदाजाने थोडं थोडं ग्लासात टाकलं की क्षारांचं प्रमाण बिघडतं. ताक-भात खुशाल खा. शौचात रक्त, ताप किंवा पोटात जोराच्या कळा असतील तर त्याच दिवशी दाखवा, आणि जुलाब थांबवायची गोळी दुकानातून आणून घेऊ नका. हा त्रास कोर्स संपून काही आठवड्यांनीही सुरू होऊ शकतो.

ताक या दोन गोळ्यांना चालतं, डॉक्सीसायक्लिन किंवा सिप्रोफ्लॉक्सासिन या दुसऱ्या अँटिबायोटिकना नाही: दूध, अ‍ॅसिडिटीची औषधं, लोहाच्या गोळ्या यांनी ती नीट शोषली जात नाहीत. डॉक्सीवर ग्लासभर पाणी प्या आणि अर्धा तास आडवं होऊ नका, नाहीतर गोळी अन्ननलिकेत अडकून जखम करते. उसाच्या फडात उन्हात काम असेल तर अंग झाकून जा, या दोन्हींमुळे कातडी लवकर भाजते.

खरी भीती वेगळी आहे. गोळीनंतर अंगावर गांधी उठल्या तर पित्त समजून आमसूल चोळत बसू नका. पुढची गोळी थांबवा, डॉक्टरांना कळवा. ओठ सुजले, श्वास लागला, चक्कर आली तर लगेच १०८. हा नंबर कर्नाटकात चालतो तसा महाराष्ट्रातही. आणि त्या औषधाचं नाव कागदावर लिहून पाकिटात ठेवा. आपल्याकडचा पेशंट आज बेळगावात, उद्या मिरजेला दाखवतो. तिथल्या डॉक्टरांना तो कागदच सांगणार.