‘शाश्वत ऊर्जा’ की ‘उंबरठा’?

मुलुंडच्या एका सायकलस्वाराचा प्रश्न: सरावाच्या वेळापत्रकात एफटीपी, म्हणजे फंक्शनल थ्रेशोल्ड पॉवर, याला ‘शाश्वत ऊर्जा’ म्हटले आहे. हे बरोबर आहे का?

माझ्या मते दोन्ही शब्द चुकले. एफटीपी म्हणजे सायकलस्वाराला साधारण तासभर सलग लावता येईल तेवढा जास्तीत जास्त जोर. तो वॉटमध्ये मोजतात आणि वॉट हे शक्तीचे एकक. वीजबिलावरचे युनिट ही ऊर्जा, दिव्यावर छापलेले वॉट ही शक्ती. तासभर सलग २०० वॉट लावणाऱ्या सायकलस्वाराच्या पायांतून जेमतेम ०.२ युनिट ऊर्जा बाहेर पडते. म्हणजे प्रश्न किती ऊर्जा खर्चली याचा नाही, किती दराने खर्चता आली याचा आहे.

‘शाश्वत विकास’मुळे ‘शाश्वत’ कुठेही चिकटवायची सवय लागली आहे. शाश्वत म्हणजे कायमचे. इथे तर साधारण तासाभराचीच गोष्ट. ‘टिकाऊ’ चपलेला शोभते. पण ‘टिकणे’ हे क्रियापद आपल्याकडे आहे ना! ‘तासभर टिकणारी शक्ती’ म्हटले की कोणालाही कळते.

सुटसुटीत संज्ञा हवी तर मी ‘उंबरठा-शक्ती’ सुचवेन. हा शब्द मला मनापासून आवडतो, कारण शरीरात घडते तेही तसेच. या पातळीच्या आत रक्तातले लॅक्टेट, म्हणजे जोराच्या व्यायामात स्नायूंत तयार होणारे द्रव्य, बऱ्यापैकी आटोक्यात राहते. ती ओलांडली की ते साचत जाते आणि पाय फार वेळ साथ देत नाहीत. सरावाची भाषाही त्याने सोपी होते. २० मिनिटे जीव तोडून चालवा, सरासरीच्या ९५ टक्के धरा: २२० वॉट आले तर उंबरठा २०९. लांब पल्ल्याचा निवांत सराव उंबरठ्याच्या ५६ ते ७५ टक्क्यांवर, म्हणजे साधारण ११७ ते १५७ वॉट.

चाचणी देणाऱ्याला मात्र मी ‘दम धर’ एवढेच सांगेन. पहिल्या पाच मिनिटांत उसळणारा शेवटच्या पाचांत ढेपाळतो आणि आकडा खोटा येतो. मुंबईत सिग्नलविना सलग २० मिनिटे पहाटेही दुर्मीळ, म्हणून बरेच जण घरीच ट्रेनरवर, म्हणजे सायकल जागच्या जागी चालवायच्या साधनावर, चाचणी देतात. तिथे मोठा पंखा समोर हवाच. आपल्या दमट हवेत घाम वाळत नाही, अंग तापते आणि उंबरठा आहे त्यापेक्षा खाली दिसतो.