नेहेह आणि जेत : दोन वेगळे अनंतकाळ

प्रश्न असा आला आहे : ‘प्राचीन इजिप्तच्या देवळांवरील लेखांत नेहेह आणि जेत असे दोन शब्द जोडीने येतात आणि दोहोंचे भाषांतर अनंतकाळ असेच केलेले आढळते. ही केवळ द्विरुक्ती आहे काय? हायरोग्लिफिक भाषेतील या शब्दांना मराठी प्रतिशब्द कोणते द्यावेत?’

प्रथम ‘हायरोग्लिफिक भाषा’ हा प्रयोग कृपा करून सोडावा. हायरोग्लिफ ही लिपी आहे, भाषा इजिप्शियन. या लिपीला सरसकट ‘चित्रलिपी’ म्हणणेही दिशाभूल करणारे आहे, कारण तिच्यातील बरीच चित्रे वस्तू दाखवत नसून व्यंजने दाखवतात. हायरोग्लिफ या ग्रीक शब्दाचा अर्थ ‘पवित्र कोरीवकाम’ असा आहे. इजिप्तच्या लोकांनी या लिपीला दिलेले नाव होते मदू नेत्चेर, म्हणजे देवाचे शब्द, आणि हे शब्द थोथ या देवाने निर्माण केले अशी त्यांची श्रद्धा होती. बाजारातील बोली बदलत गेली, तरी देवळांच्या भिंतींवर मध्य इजिप्शियन वळणाची जुनी भाषा रोमन काळापर्यंत राखली गेली. ती भाषा दगडासाठीच जिवंत ठेवलेली होती.

आता मुख्य गोष्ट. हे दोन्ही शब्द कसे लिहिले जातात ते पाहावे. नेहेह लिहिताना दोन वळलेल्या वाती काढतात आणि त्यांच्यामध्ये सूर्यबिंब. जेत लिहिताना नाग, भाकरी आणि खाली जमिनीची आडवी पट्टी. येथे हौशी लेखक हमखास घसरतात आणि नाग हे शाश्वततेचे प्रतीक असल्याचे ठोकून देतात. तसे काही नाही. नाग येथे केवळ ‘ज’सारख्या व्यंजनासाठी आला आहे, भाकरी ‘त’साठी आणि वाती ‘ह’साठी. अर्थ सांगतात ती उरलेली दोन चित्रे, ज्यांचा उच्चार होत नाही : एका शब्दात सूर्य, दुसऱ्यात जमीन. एक रोज उगवतो, दुसरी जागची हलत नाही. म्हणूनच नेहेहचा संबंध रे या सूर्यदेवाशी आणि जेतचा मृतांचा स्वामी ओसायरिस याच्याशी जोडला गेला. ‘मृतांचा ग्रंथ’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या संग्रहाच्या 17 व्या अध्यायात तर स्पष्टच म्हटले आहे की नेहेह म्हणजे दिवस आणि जेत म्हणजे रात्र. द्विरुक्तीचा प्रश्न येथेच मिटतो.

काही अभ्यासकांनी एक शब्द भूतकाळाकडील अनंततेसाठी आणि दुसरा भविष्याकडील अनंततेसाठी आहे असे मानले. मला हे मुळीच पटत नाही. सूर्य काय केवळ काल उगवत होता? यान आसमान या जर्मन इजिप्ततज्ज्ञांनी हा भेद क्रियापदाच्या अपूर्ण आणि पूर्ण रूपांशी जोडला, ते अधिक योग्य आहे, आणि ते मराठी माणसाला इतर कोणाहूनही लवकर कळावे, कारण आपल्याकडे हा भेद दोन साध्या सहायक क्रियापदांत बसलेला आहे. ‘सूर्य उगवत राहतो’ यातील राहणे म्हणजे नेहेह. ‘नाव कोरून ठेवले’ यातील ठेवणे म्हणजे जेत. पहिल्यात क्रिया संपतच नाही. दुसऱ्यात ती संपते आणि तिचे फळ उरते. हातशेप्सुत राणीची नावे आणि प्रतिमा तिच्या मृत्यूनंतर देइर अल-बाहरी येथील तिच्या देवळाच्या भिंतींवरून छिन्नीने खरवडली गेली, ती या ‘ठेवण्या’वर असलेल्या विश्वासामुळेच. कोरलेले नाव राहिले तर माणूस राहतो, हे खरवडणाऱ्यांनाही मान्य होते.

प्रतिशब्दांसाठी कोणी योगसूत्रांच्या व्यासभाष्यातील ‘परिणामी नित्यता’ (बदलत राहूनही टिकणारी) आणि ‘कूटस्थ नित्यता’ (अचल राहणारी) ही जोडी सुचवील. दुसरा शब्द जेतसाठी चालेल. पहिला नाही, कारण परिणामात पालट आहे आणि नेहेहमध्ये पुनरागमन आहे. मी नेहेहसाठी ‘सदोदित’ हा शब्द सुचवतो. ‘सदोदित कटकट’, ‘सदोदित आजारी’ असे म्हणून आपण या शब्दाची पार रया घालवली आहे. त्याची फोड सदा आणि उदित अशी आहे : सदैव उगवलेला. शब्दाच्या पोटात सूर्यबिंब घेऊन फिरणारा दुसरा इतका साधा शब्द मला माहीत नाही. उदित हे भूतकालवाचक धातुसाधित असल्याने त्यात ‘उगवत राहणे’ येत नाही, असा आक्षेप व्याकरणाचे जाणकार घेतील. परंतु मागे सदा लागल्यावर ते उगवणे एकदाचे राहत नाही, आणि रोजच्या बोलण्यातही सदोदितचा अर्थ पुनःपुन्हा असाच होतो.

जेतसाठी ‘चिरस्थित’ घ्यावा, आणि त्याला सम्राट अशोकाचा आधार आहे. तोप्रा येथील, फिरोजशहा तुघलकाने पुढे दिल्लीत आणून उभारलेल्या स्तंभावरच्या सातव्या लेखात अशोक म्हणतो की हे कार्य पुत्र-प्रपौत्रांपर्यंत ‘चंदमसुलियिके’, म्हणजे चंद्रसूर्य असेपर्यंत चालावे. आणि पुढे म्हणतो की हा धर्मलेख शिलास्तंभांवर आणि शिलाफलकांवर कोरावा, म्हणजे तो ‘चिलठितिके’, चिरस्थायी, होईल. फिरते चंद्रसूर्य एका वाक्यात, स्थिर दगड दुसऱ्यात. इजिप्तचे ऋण अशोकावर होते असे मी म्हणत नाही. दगडावर लिहिणाऱ्याला काळाची ही दोन रूपे दिसतातच, असे माझे ठाम मत आहे. कोकणातील गधेगाळींच्या, म्हणजे दान मोडणाऱ्याला शाप देणाऱ्या शिळांच्या, माथ्यावर सूर्यचंद्र कोरतात, तेव्हाही चालणारा काळ थांबलेल्या दगडात आणलेला असतो.

तेव्हा ‘नेहेह आणि जेत’ याचे भाषांतर ‘सदोदित आणि चिरस्थित’ असे करावे. राजाच्या नावापुढे ‘दि अंख मी रे जेत’ असे येते, तेथे ‘रेप्रमाणे जीवन लाभलेला, चिरस्थित’ असे लिहावे. सदोदित वेगळा घालू नये, कारण तो अर्थ रेच्या नावातच आलेला आहे. ज्याची तिथी ठाऊक आहे असा शेवटचा हायरोग्लिफिक लेख फिलाई बेटावर इ.स. 394 मध्ये 24 ऑगस्ट रोजी इसिसच्या एका पुरोहिताने कोरला, आणि त्यातही सर्वकाळाची हीच मागणी आहे.