शेतीविषयक प्रश्नोत्तरे: पाऊस उदंड, वायंगण मात्र तहानलेले

प्रश्न: आमचे गाव सत्तरी तालुक्यात आहे. गावच्या ओहोळावरील बंधाऱ्याच्या भरवशावर आम्ही वायंगण, म्हणजे पावसाळ्यानंतरचे उन्हाळी भात करतो. जानेवारीपर्यंत पाणी पुरते, परंतु फेब्रुवारीअखेर पाटाच्या शेवटच्या टोकाच्या शेतांना भेगा पडू लागतात आणि नेमके त्याच वेळी भात पोटरीत, म्हणजे लोंबी बाहेर पडण्याच्या बेतात असते. बंधाऱ्याची उंची वाढवून घ्यावी, असे काही जण म्हणतात. म्हादई नदीचे पाणी वळवण्याचा हा परिणाम आहे, असे काहींचे मत आहे. आम्ही सरकारकडे नेमके काय मागावे?

उत्तर: म्हादईचा मुद्दा आधी बाजूला काढतो. जलतंटा लवादाने १४ ऑगस्ट २०१८ रोजी दिलेल्या निवाड्यात कर्नाटकाला १३.४२ टीएमसी (अब्ज घनफूट), गोव्याला २४ टीएमसी आणि महाराष्ट्राला १.३३ टीएमसी पाणी दिले, त्यावरून पुढेही वाद चालू राहिला आणि त्याचे महत्त्व मी कमी लेखत नाही. तथापि तुमच्या बंधाऱ्यात येणारे पाणी गावाच्या माथ्यावरील डोंगरातून झिरपून येते. तो ओहोळ फेब्रुवारीत का आटतो, याचे उत्तर त्याच डोंगरात, बंधाऱ्यात पाणी अडवण्यासाठी बसवायच्या फळ्यांत आणि तुमच्या शेतांत शोधावे लागेल.

गोव्यात वर्षाला सरासरी ३,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, पण त्यातील बहुतेक जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत कोसळून ओहोळानदीवाटे थेट समुद्राला मिळतो. जे पाणी जांभ्यात मुरते, तेही फार काळ टिकत नाही, कारण जांभा सच्छिद्र आहे आणि त्याच्या बुडाशी चिकणमातीचा थर लागला की पाणी तेथून झऱ्यावाटे बाहेर पडते. म्हणून ऑक्टोबरमध्ये फुगलेला ओहोळ मार्चमध्ये करंगळीएवढा होतो. बंधाऱ्याची उंची वाढवल्याने साठा थोडा वाढेल खरा, पण ओहोळाचा प्रवाह वाढणार नाही. शिवाय साठ्याचा फुगवटा वरच्या बाजूच्या शेतात किंवा कुळागरात, म्हणजे पोफळी-नारळाच्या बागेत शिरला, तर नवाच तंटा उभा राहील.

उंचीची मागणी करण्याआधी फळ्या कधी बसवल्या जातात, ते पाहावे. परतीचा पाऊस ओसरताच तळच्या फळ्या आणि प्रवाह उतरत जाईल तशा वरच्या, या क्रमाने त्या बसवायला हव्यात. कित्येक गावांत ठेकेदार उशिरा येतो आणि तोपर्यंत चांगला ओघ वाहून गेलेला असतो. दोन फळ्यांच्या सांध्यातून चोवीस तास गळणारे पाणी दिसायला थोडे असले, तरी महिन्याकाठी त्याने एक शेत भिजले असते. प्लॅस्टिकचा कागद आणि चिकणमाती घालून सांधे बुजवणे हे एका सकाळचे काम आहे. बंधाऱ्यामागे साचलेला गाळ मे महिन्यात काढून घ्यावा आणि खालच्या बाजूला दोनतीन ठिकाणी मातीने भरलेल्या पोत्यांचे वनराई बंधारे घालावेत, म्हणजे एकाच ओघाचे पाणी पायरीपायरीने वापरता येईल. सरकारकडे अर्ज करायचाच असेल, तर फळ्या वेळेवर बसवण्यासाठी आणि गाळ काढण्यासाठी करावा.

आता शेताकडे वळू, कारण माझ्या मते अर्धे उत्तर तेथेच आहे. वायंगणात पाणी एका मेरेवरून दुसऱ्या मेरेवर असे सतत वाहते ठेवण्याची आपली रीत आहे. ४,००० चौरस मीटर शेतात ५ सेंटिमीटर पाणी उभे करायचे म्हणजे २ लाख लिटर पाणी लागते. हे पाणी सतत उभे ठेवण्याची भाताला गरज नसते. फिलिपाइन्समधील आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेने रूढ केलेली आलटून-पालटून भिजवण्याची पद्धत येथे उपयोगी पडेल. १० ते १५ सेंटिमीटर व्यासाच्या प्लॅस्टिक नळीचा ३० सेंटिमीटर लांबीचा तुकडा घ्यावा, त्याच्या खालच्या अर्ध्या भागाला चहूबाजूंनी छिद्रे पाडावीत, तो अर्धा भाग शेतात रोवावा आणि आतली माती काढून टाकावी. नळीत डोकावले की जमिनीखालची पाण्याची पातळी दिसते. ती जमिनीपासून १५ सेंटिमीटर खाली गेली की पुन्हा ५ सेंटिमीटर पाणी द्यावे; एरवी शेत वरून ओलसर किंवा किंचित भेगाळलेले दिसले, तरी घाबरू नये. लावणीनंतरचे पहिले दोन आठवडे मात्र तणाचा जोर मोडण्यासाठी पाणी उभे ठेवावे आणि फुलोऱ्याच्या आधीचा व नंतरचा एकेक आठवडा शेत मुळीच सुकू देऊ नये. या पद्धतीने ३० टक्क्यांपर्यंत पाणी वाचू शकते.

हे एकट्यादुकट्याने करून भागणार नाही, कारण वरच्या शेताने पाट तोडून ठेवला तर खालच्या शेतातल्या नळीला काय अर्थ राहणार? त्यासाठी पाळी ठरवावी लागेल आणि पाळीपेक्षाही महत्त्वाचे म्हणजे सर्वांनी एकाच पंधरवड्यात लावणी उरकावी लागेल. जे जानेवारीत लावणी करतात, त्यांचा फुलोरा मार्चच्या आटत्या पाण्यात सापडतो. ‘जया’ या वाणापेक्षा लवकर तयार होणारी ‘ज्योती’ घेतल्यास शेवटच्या एकदोन पाळ्या वाचतात. याउपर टोकाच्या शेतांना पाणी पोहोचत नसेल, तर तेथे भाताचा हट्ट सोडून सरद, म्हणजे पावसाळी पिकाच्या कापणीनंतर जमिनीत उरलेल्या ओलीवर अळसांदे (चवळी) घ्यावेत. त्यांना भाताच्या मानाने फार थोडे पाणी लागते आणि गावठी अळसांद्यांना बाजारात गिऱ्हाईक शोधावे लागत नाही.

प्रश्न: तिसवाडीत आमचे खाजन, म्हणजे खाडीकाठी बांध घालून राखलेले शेत आहे. मानशीतून, म्हणजे बांधातील पाण्याच्या दारातून, खारे पाणी आत येऊ लागल्यापासून ते पडीक आहे. मानस काँक्रीटची करून घेतल्यास शेत पुन्हा पिकेल काय?

उत्तर: भरतीच्या रेट्याने दारे मिटावीत आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या रेट्याने ती उघडावीत, इतके साधे तत्त्व मानशीत आहे. चौकट काँक्रीटची केली आणि दारे तशीच कुजलेली राहिली, तर खारे पाणी पूर्वीसारखेच येत राहील. दारे धड असूनही पाणी येत असेल, तर ती कोणी अडकवून ठेवत आहे का, हे रात्रीच्या भरतीला जाऊन पाहावे. मानशीवरील मासेमारीचा लिलाव होतो आणि लिलाव घेणाऱ्याला जास्त खारे पाणी आत आलेले सोयीचे असते, हे गोव्यात सर्वांना ठाऊक असूनही उघडपणे फारसे बोलले जात नाही. एके काळी बांध आणि मानस यांची जबाबदारी गावची सामाईक जमीन सांभाळणाऱ्या गावकारीची, म्हणजे पुढे कोमुनिदादीची होती. कूळ कायद्यानंतर ती कूळ संघांकडे आली आणि लिलावाचे उत्पन्न बांधांवर खर्च होणे अपेक्षित आहे. तेव्हा संघाच्या सभेत लिलावाच्या अटी मागून घ्या, पीक उभे असताना दारे उघडी ठेवण्यास मनाई करणारी अट त्यांत घालून घ्या आणि संघ दाद देत नसेल, तर मामलेदाराकडे लेखी तक्रार करा.

मानस दुरुस्त झाली तरी पहिल्या वर्षी घाई करू नये. जूनच्या पावसाचे गोडे पाणी शेतात साचू द्यावे, ओहोटीला ते सोडून द्यावे आणि असे अनेकदा केल्यानंतर मातीचा नमुना तपासून घ्यावा. मातीच्या अर्काची विद्युतवाहकता, म्हणजे खारेपणाचे माप, मीटरला ३ डेसिसायमनच्या वर गेली की सामान्य भाताचे उत्पन्न घटू लागते आणि पुढच्या प्रत्येक एककाला सुमारे १२ टक्क्यांनी उतरत जाते. खारेपणा सोसणारे आपले कोरगुट भात आहेच, शिवाय जुने गोवे येथील केंद्रीय किनारी कृषी संशोधन संस्थेने ‘गोवा धान’ या मालिकेत खाऱ्या जमिनीसाठी वाण दिले आहेत. शेतात खारफुटी उगवू लागली असेल, तर मात्र विलंब करू नका. तिला कायद्याचे संरक्षण आहे, परवानगीशिवाय ती तोडता येत नाही आणि ती वाढेल तसे शेत परत मिळवणे कठीण होत जाईल.

प्रश्न: फोंडा तालुक्यातील आमच्या कुळागराला झरीचे पाणी एप्रिलमध्ये अपुरे पडते. कूपनलिका मारावी की ठिबक बसवावे?

उत्तर: ठिबक बसवावे. उन्हाळ्यात पोफळीला ठिबकाने दिवसाला १६ ते २० लिटर पाणी पुरते, तर पाटाने आळी भरताना यापेक्षा कितीतरी जास्त पाणी वाटेतच मुरते. झरीचे पाणी रात्रभर तळीत साठवून पहाटे सोडावे आणि झावळ्या व पालापाचोळा आळ्यांत पसरावा. केंद्र सरकारच्या ‘प्रति थेंब अधिक पीक’ योजनेत लहान व सीमान्त शेतकऱ्यांना ठरावीक एकक खर्चाच्या ५५ टक्के आणि इतरांना ४५ टक्के साहाय्य मिळते. त्यासाठी विभागीय कृषी कार्यालयात चौकशी करावी. कूपनलिका झरीच्या जवळ मारल्यास तीच झर आटण्याचा धोका असतो, आणि त्या झरीवर खालच्या दोनचार घरांची कुळागरेही अवलंबून असतील. तरीही कूपनलिका हवीच असेल, तर २००२ च्या गोवा भूजल नियमन कायद्यानुसार आधी परवानगी घ्यावी लागते. यंत्र दारात आणून उभे केल्यावर अर्ज लिहायला बसू नये.